वाचून दाखवले, बरोबर आहे

धुळ्यात, गल्ली नंबर पाचला, पहिल्या मजल्यावर
डॉक्टर ओस्तवालांची खोली. खाली मिरची-कांडप.
मे महिन्यात जिना आधी तिखट चढतं, मग मी.
त्यामुळे सात गुरुवार झाले तरी
माझ्या डोळ्यांतल्या पाण्यापुढे काय लिहावं
हे डॉक्टरांचं ठरलेलं नाही.

दिवाणावर आडवं व्हा, म्हणाले, आणि येईल ते बोला.
मी म्हटलं, सत्तावीस वर्षं कोर्टात
येईल ते लिहून घेतेय. बोलायची सवय नाही.

साक्षीदार म्हणतो, माले नही माहीत.
मी टाइप करते : मला माहीत नाही.
साक्षीदार म्हणतो, तो रातले उना.
मी टाइप करते : तो रात्री आला.
कुणी सांगितलेलं नाही. हात आपोआप
विसळून घेतात वाक्य, कागदावर ठेवण्याआधी.

आपोआप? डॉक्टर म्हणाले. एवढंच.
कूलरचं पाणी बराच वेळ टपटपलं.

मग वडील आले, शिंदखेड्याच्या शाळेतून, खडूच्या हातांनी.
घरात अहिराणी शब्दाला पाच पैसे दंड.
पत्र्याचा डबा, झाकणाला चीर.
दंडातून पुढे शब्दकोश आला,
त्यात आम्ही दंड भरलेला एकही शब्द नव्हता.
आई जेवताना मुकी. हातानं वाढायची,
भूक आहे का, तेही हातानंच.
फक्त एकदा, आखाजीला, सकाळी उठून
तिनं डब्यात पाच रुपयांची नोट सारली
आणि झोक्यावर जाऊन बसली.
शंभर शब्द. मी ओट्यावरून मोजत होते.
शंभर कधीच संपले, ती थांबेना.
वडील पेपर धरून बसलेले,
तासभर पान उलटलं नाही.

हे तुम्ही शुद्ध मराठीत सांगितलंत, डॉक्टर म्हणाले.

बी.ए.ला तत्त्वज्ञान होतं.
भामरे सर फळ्यावर 'मी' लिहायचे, पुसायचे,
मागे वळून विचारायचे, पुसला कोणी?
आत एक साक्षी असतो, तो बघतो, गुंतत नाही.
मला इतकं पटलं की नोकरीसुद्धा तसलीच धरली.
सर एक सांगायचे राहिले :
साक्षीचाही उलटतपास असतो.

परवाची गोष्ट. बोरकुंडची म्हातारी, जमिनीचा दावा.
वकील म्हणाले, वादी तुमची कोण लागते?
तिनं बोट केलं. हाई? हाई मनी आंडेर शे.

'म' दाबला आणि बोट तिथंच.
तिच्या भाषेत मनी म्हणजे माझी.
ज्या भाषेचा मला पगार मिळतो
तिच्यात मनी म्हणजे मनात.
मनात एक मुलगी आहे, असं कुणीतरी
शपथेवर सांगत होतं, भर कोर्टात,
आणि मी बावन्न वर्षांची
मान वर न करता बसलेली.

देवरेबाई, झालं का? साहेब म्हणाले.
कागदावर होतं : ही मनी मुलगी आहे.
अर्धं तिचं, अर्धं सरकारचं.
साहेबांनी लाल गोल केला. टंकदोष.
दुरुस्त प्रत तिला मोठ्यानं वाचून दाखवली मीच,
खाली ठरलेली ओळ, बरोबर आहे,
आणि ती हसत अंगठा लावून गेली
तिनं न बोललेल्या वाक्यांना.

आत्ता कोण बोलतंय? डॉक्टरांनी विचारलं.
मी फीचे सातशे टेबलावर ठेवले,
वर पाचचं एक नाणं.
हे कशाचं?
शंभर शब्दांचं, मी म्हटलं,
आणि दिवाणावर पुन्हा आडवी झाले.

पहिला आला नाही.
जिभेवर आला तो विसळलेलाच आला, मी गिळला.
खाली कांडप थांबलं, जेवणाची सुट्टी असावी.
वेळ संपल्यावर डॉक्टरांनी नाणं परत केलं नाही,
मीही मागितलं नाही.